फेनवेवरची चोरी

बॉस्टनच्या केनमोर स्टेशनातून बाहेर पडलो तर गर्दी होती, पण आवाज नव्हता. १७ ऑक्टोबर २००४, रविवार. आदल्याच रात्री याच फेनवे पार्क या बेसबॉलच्या मैदानावर न्यू यॉर्कच्या यांकीजनी बॉस्टनच्या रेड सॉक्सना १९-८ असं धुतलं होतं. सात मॅचच्या मालिकेत रेड सॉक्स ०-३ मागे. मेजर लीग या अमेरिकेतल्या अव्वल बेसबॉल स्पर्धेत तिथून कुणीही कधी मालिका जिंकली नव्हती. बॉस्टनला तर १९१८ नंतर विजेतेपदच नव्हतं. आपला महान खेळाडू बेब रूथ यांकीजना विकल्याची सल इथे आजोबांकडून नातवाकडे यायची.

जागा उजवीकडच्या बिनछपराच्या बाकांवर. समोर ३७ फूट उंच हिरवी भिंत, तिच्या पायथ्याशी अजूनही हाताने पाट्या लावून चालणारा स्कोअरबोर्ड. शेजारचे म्हातारबाबा मांडीवरच्या कागदावर प्रत्येक चेंडू पेन्सिलीने टिपत होते. थंडीने त्यांची बोटं आखडली होती, तरी अक्षर सुबक.

नववी, म्हणजे शेवटची इनिंग. यांकीज ४-३ पुढे, चेंडू टाकायला, म्हणजे पिचर, त्यांचा शेवट करणारा हुकमी मारियानो रिव्हेरा. म्हणजे खेळ आटोपल्यातच जमा. त्याने रेड सॉक्सच्या केव्हिन मिलरला चार बॉल, म्हणजे चार बाहेरचे चेंडू दिले, पहिला बेस फुकट. मिलरऐवजी पळायला डेव्ह रॉबर्ट्स आला. तो बेस चोरणार, म्हणजे पिचर चेंडू टाकत असतानाच पुढच्या बेसकडे धावणार, हे अख्ख्या स्टेडियमला ठाऊक होतं. रिव्हेरालाही. त्याने तीनदा पहिल्या बेसवर चेंडू फेकला. तिन्ही वेळा रॉबर्ट्सने पालथी उडी मारून बेस गाठला, उठला, पुन्हा दोन पावलं पुढे सरकला. लपवाछपवी काहीच नाही, म्हणूनच माझ्या छातीत धडधड. क्रिकेटमध्ये एका धावेसाठी मी इतका श्वास रोखून कधी बसलो नव्हतो.

पुढच्या चेंडूला तो सुटला. यांकीजच्या कॅचरचा थ्रो चोख, दुसऱ्या बेसवर त्याला बाद करायला जीटरचा हातही खाली आला, पण रॉबर्ट्सचा हात बेसवर आधी पोचला होता. सेफ! बाबांच्या पेन्सिलीचं टोक कागदातून आरपार गेलं. लगेच बिल म्यूलरने चेंडू मधून काढला, रॉबर्ट्स घरी, म्हणजे शेवटच्या बेसवर पोचला, ४-४.

बरोबरीमुळे जादा इनिंग, मग बारावी. रात्री १ वाजून २२ मिनिटांनी रेड सॉक्सच्या डेव्हिड ऑर्टिझचा फटका थेट आमच्या बाजूला येताना दिसला. ६-४. पाच तास दोन मिनिटं खेळ चालला होता. बाबा रडत होते. मी त्यांचा खांदा धरून उभा होतो, नावही न विचारता.

हार्वर्ड ब्रिजवरून चालत घरी निघालो. खाली चार्ल्स नदी काळीभोर, मागे गाड्यांचे हॉर्न थांबत नव्हते. पाचवी मॅच त्याच दिवशी संध्याकाळी होती. तिकीट नव्हतं, तरी मी निघायच्या वेळा मोजायला लागलो होतो.