ब्योमकेश क्रमवारी, नोंद ४: १३३९ म्हणजे नक्की कोणतं साल?

मागच्या नोंदीतला ब्योमकेश बक्षीच्या गुप्तहेरकथांचा तक्ता मोडीत काढावा लागला. पहिल्या तीन कथांचाच क्रम चुकला होता, आणि पायाच चुकल्यावर पुढच्या तीस ओळींवर कोण विश्वास ठेवणार? चूक अनुवादाची नाही, बेरजेची आहे.

मूळ बंगाली लेखक शरदिंदू बंद्योपाध्यायांनी कथा लिहून झाल्याची तारीख बंगाली सनात दिली आहे. 'पथेर काँटा' ७ आषाढ १३३९, 'सीमंत-हीरा' ३ अग्रहायण १३३९, 'सत्यान्वेषी' २४ माघ १३३९. तक्त्यात 'सनात ५९३ मिळवा' हे एकच सूत्र सगळ्या ओळींना लावलेलं होतं. त्यामुळे तिन्ही कथा १९३२ मध्ये जाऊन बसल्या. वर्ष सारखं दिसल्यावर सॉर्टने काय करायचं? त्याने अकारविल्हे लावली आणि 'सत्यान्वेषी' दुसऱ्या क्रमांकावर आणून ठेवली. लेखनक्रमात ती तिसरी, कथेतल्या काळानुसार पहिली. दुसरी ती कुठल्याच हिशेबाने नाही.

बंगाली वर्ष एप्रिलच्या मध्यावर सुरू होतं, म्हणजे १ जानेवारी त्याच्या मधेच येते. वैशाखापासून साधारण १६ पौषापर्यंत ५९३ मिळवायचे, तिथून चैत्राच्या अखेरीपर्यंत ५९४. शालिवाहन शकाचंही असंच आहे. ७८ आपल्याला पाठ असतात, पण जानेवारी उजाडला की ७९ लागतात हे पटकन आठवत नाही. आता हिशेब असा बसतो: 'पथेर काँटा' जून १९३२, 'सीमंत-हीरा' नोव्हेंबर १९३२, 'सत्यान्वेषी' फेब्रुवारी १९३३ चा पहिला आठवडा.

मराठी वाचकाला आणखी एक खड्डा आहे, आणि तो जास्त खोल आहे. महिन्यांची नावं तीच, पण बंगाली महिने सौर आणि आपले चांद्र. 'चित्रचोर'ची तारीख ८ पौष १३५८. आपल्या पंचांगात त्या हिवाळ्यातली पौष शुद्ध अष्टमी शोधली तर जानेवारी १९५२ चा पहिला आठवडा निघतो. खरी तारीख डिसेंबर १९५१ च्या शेवटच्या आठवड्यातली आहे. म्हणजे महिन्याच्या नावाला भुललं की अख्खं वर्ष सरकतं. लक्षात ठेवायची खूण सोपी आहे: आपली तिळगुळाची संक्रांत हा बंगाली पौषाचा शेवटचा दिवस. दुसऱ्या दिवशी माघ लागतो. तिथून बोटांवर मोजत जा, पंचांग उघडायचं कामच नाही.

ऑनलाइन कन्व्हर्टर वापरणार असाल तर तो कोणतं बंगाली पंचांग धरतो ते आधी पाहा. बरेचसे बांगलादेशातलं सुधारित पंचांग धरतात आणि पश्चिम बंगालच्या तारखेपासून एखादा दिवस हलतात. आपल्याला वर्ष हवं आहे, तेव्हा एका दिवसाने सहसा बिघडत नाही. मात्र १५-१७ पौषाच्या आसपासची नोंद असेल तर हाताने तपासलेलं बरं.

तक्त्यात आता वर्षाचा एकच रकाना नाही, तीन आहेत: बंगाली तारीख जशीच्या तशी, तिच्यावरून काढलेला इसवी महिना आणि वर्ष, आणि कथेतला काळ. सॉर्ट फक्त दुसऱ्या रकान्यावर, आणि तिथे १९३२-०६ असंच लिहायचं. नुसतं १९३२ लिहिलं की पुन्हा अकारविल्हे!

क्रम सुधारल्यावर खरा प्रश्न पुढे येतो. वाचायचं कसं? लेखनक्रमाने म्हटलं तर 'पथेर काँटा'पासून सुरुवात. मूळ बेत तोच होता. पण 'सत्यान्वेषी'च्या मध्यावर एक ओळख दडवलेली आहे, आणि ब्योमकेशला आधी भेटलेला वाचक ती चौथ्या पानावर ओळखतो. कथेची निम्मी गंमत तिथेच संपते. लेखकाने मालिका करायचं ठरल्यावर ओळख करून देण्यासाठी म्हणूनच ही कथा मागाहून लिहिली, आणि अजित, म्हणजे ब्योमकेशचा मित्र आणि कथांचा निवेदक, तिची सुरुवातच १३३१ सालच्या पहिल्या भेटीपासून करतो. म्हणून लेखनक्रमाला हा एक अपवाद: 'सत्यान्वेषी' सर्वांत आधी. आनंद पब्लिशर्सच्या 'ब्योमकेश समग्र'मध्येही ती अशीच पहिली आहे. बाकी सगळं तारखेप्रमाणे.

'अग्निबाण' आणि 'उपसंहार' मात्र सलग वाचा, मधे दुसरं काही नको. 'उपसंहार'मध्ये 'सत्यान्वेषी'चंही जुनं येणं वसूल होतं, त्यामुळे ती सुरू करण्याआधी 'सत्यान्वेषी'ची पहिली काही पानं पुन्हा चाळली तर शेवट दुप्पट रंगतो.

सगळंच कथेतल्या काळाच्या क्रमाने वाचायचा विचारही तपासून पाहिला. 'आदिम रिपू' १९५५ ची, पण तिच्यात १९४६ च्या दंगलींनंतरचं कलकत्ता आहे आणि ती १५ ऑगस्ट १९४७ पर्यंत येते. एवढा पक्का खिळा हाती आल्यावर वाटलं, आता बाकीच्या कथा त्याच्या अलीकडे-पलीकडे टांगता येतील. नाही येत. पुष्कळ कथांत ऋतू कळतो, साल कळत नाही. तो रकाना राहू दे, पण सॉर्टसाठी निकामी.

आता पुस्तकांबद्दल. इंग्रजीतून वाचणाऱ्यांसाठी श्रीजाता गुहांचं 'पिक्चर इम्परफेक्ट' सुरुवातीला उत्तम, पण पहिल्या ११ कथांपैकी त्यात ७ च आहेत. 'सीमंत-हीरा', 'चोराबाली', 'रक्तमुखी नीला' आणि 'ब्योमकेश ओ बरदा' नाहीत. यातली शेवटची अरुणावा सिन्हांच्या 'द रिदम ऑफ रिडल्स'मध्ये सापडते. शीर्षकं जुळवताना दोन ठिकाणी हमखास घोळ होतो. 'व्हेअर देअर्ज अ विल' म्हणजे 'अर्थमनर्थम्', आणि 'द विल दॅट व्हॅनिश्ड' म्हणजे 'खूँजि खूँजि नारी'. मृत्युपत्र दोन्हीकडे, पण मधे २८ वर्षांचं अंतर! मूळ शीर्षकांतही 'काँटा' दोन (१९३२ ची 'पथेर', १९६७ ची 'शजारुर') आणि 'छंद'ही दोन, 'हेंयालिर' आणि 'छलनार'. हा छंद आपला फावल्या वेळातला नव्हे. बंगालीत त्याचा अर्थ लय.

बंगाली लिपी येत असेल तर सरळ मुळातून वाचा, आणि तेही सुरुवातीच्या दहापासूनच. त्या साधू भाषेत, म्हणजे जुन्या ग्रांथिक बंगालीत आहेत. क्रियापदं लांबलचक असली तरी तत्सम शब्दांची रेलचेल असल्यामुळे मराठी माणसाला बोलीतल्या संवादांपेक्षा ती लवकर वळते.

दहाव्या कथेनंतर सुमारे १५ वर्षांची खिंड आहे, १९३६ ते १९५१. पलीकडे ब्योमकेश संसारी, बायको सत्यवती घरात. दूरदर्शनच्या १९९३ च्या मालिकेमुळे रजित कपूर, के. के. रैना आणि सुकन्या कुलकर्णी यांचेच चेहरे डोळ्यांपुढे येतात, त्याला इलाज नाही आणि तक्रारही नाही.

आणि इथेच बेत पुन्हा बदलतो आहे. या नोंदीनंतर 'चित्रचोर', 'दुर्गरहस्य', 'चिडियाखाना' असं ओळीने जायचं ठरलं होतं. पण तक्ता नव्याने लावताना एक चौथा रकाना सुचला: कथा कोण सांगतं? बहुतेक अजित. 'शजारुर काँटा', 'बेणीसंहार' आणि 'लोहार बिस्कुट'मध्ये तो निवेदक नाही. आणि १९५९ ची 'शैलरहस्य' या दोन्ही प्रकारांच्या मधली. तिची सुरुवात ब्योमकेशच्याच पत्राने होते, आणि ते पत्र आलं आहे महाबळेश्वरच्या सह्याद्री हॉटेलातून. शरदिंदू १९५२ पासून पुण्यात राहत होते, तेव्हा घाट चढून जाणारी ही कथा ओळखीच्या वाटेवरची. थंडीतल्या, ओस पडलेल्या महाबळेश्वरचं वर्णन वाचून पाहाच.

तेव्हा खिंड ओलांडल्यावर 'चित्रचोर' आणि 'दुर्गरहस्य' ही जोडी क्रमानेच, पण 'शैलरहस्य' वेगळी काढून डिसेंबरसाठी राखून ठेवायची. तोवर अजितच्या कथनाची सवय झालेली असते, म्हणून ब्योमकेशचा स्वतःचा आवाज किती निराळा ते कळतं. अपूर्ण राहिलेली 'बिशुपाल वध' धरून एकूण ३३. त्यातल्या ८ वाचून, तारखा ताडून झाल्या. पुढच्या नोंदीआधी 'रक्तमुखी नीला'ची बंगाली तारीख दोन आवृत्त्यांतून पडताळायची आहे. कुणाकडे जुनी आवृत्ती असेल तर कथेच्या शेवटची ओळ तेवढी पाहून ठेवा.