जंगलपटांची वही: 'इंगागी' आणि गोरिलाच्या कातड्यातला गेमोरा

या महिन्यात वहीत एकच नाव चढलं, 'इंगागी' (१९३०). पुढचा सिनेमा लावण्याआधी हाच परत परत पाहिला. २०२१ साली ब्लू-रे आल्यापासून तो थांबवून थांबवून तपासता येतो, हे आपल्यासारख्यांचं भाग्यच.

सर ह्युबर्ट विन्स्टेड या लंडनच्या संशोधकाने काँगोत टिपलेला अस्सल माहितीपट, अशी याची जाहिरात होती. असा कुणी संशोधक नव्हताच. आफ्रिकेची बरीच दृश्यं जुन्या मूकपटातून उचललेली, बाकीची लॉस एंजेलिसची. नवा विषारी प्राणी म्हणून दाखवलेला 'टॉर्टाडिलो' म्हणजे पंख नि खवले चिकटवलेलं कासव!

सध्या उचललेली दृश्यं आणि लॉस एंजेलिसची दृश्यं यांच्यामधले सांधे नोंदवतोय. मूकपट बहुधा कमी वेगाने चित्रित व्हायचे. ती रिळं बोलपटाच्या सेकंदाला २४ फ्रेमच्या वेगाने फिरली की माणसं लगबगीने चालताना दिसतात. ही पहिली खूण. दुसरी, शिकारी आणि जनावर एकाच फ्रेममध्ये येतात का; कधीच येत नसतील तर जोडकामाचा संशय घ्यायचा. हे बघता बघता गल्लाभरू सिनेमाचं संकलन किती हुशार होतं ते कळत जातं.

पण या हुशारीने काय विकलं, तेही वहीत लिहायलाच हवं. लॉस एंजेलिसमधल्या कृष्णवर्णीयांना रानटी टोळी म्हणून उभं केलं, त्यांच्यातली बाई गोरिलाला अर्पण करतात असं दाखवलं. तिकिटं त्यावरच खपली. १९३३ साली अमेरिकेच्या फेडरल ट्रेड कमिशनने, म्हणजे व्यापारातल्या फसवणुकीवर नजर ठेवणाऱ्या सरकारी संस्थेने, हा बनाव ठरवला. त्याच वर्षी 'किंग काँग' आला, तो आरकेओ या हॉलीवूडच्या स्टुडिओचा. 'इंगागी' आरकेओच्याच थिएटरांत चालला होता.

माझ्या लेखी 'इंगागी'चं कल्ट असणं टिकतं ते चार्ल्स गेमोरामुळे. फिलिपिन्समधून आलेला हा शिल्पकार गोरिलाचा पोशाख स्वतः घडवायचा नि स्वतःच आत शिरायचा. आपणच तो गोरिला होतो, हे त्याने प्रतिज्ञापत्रावर सांगितलं. त्याच्या खांद्यांकडे बघा, वजन कसं तोलतो ते बघा. पुढे 'द वॉर ऑफ द वर्ल्ड्स' (१९५३) मधला मंगळवासीही त्यानेच घडवला आणि साकारला.

आता 'मर्डर्स इन द रू मॉर्ग' (१९३२) मधला त्याचा गोरिला याच्याशेजारी ठेवून बघणार. मग वळणार मुंबईकडे, दिग्दर्शक होमी वाडियांच्या 'झिंबो' या टारझन धर्तीच्या जंगलपटाकडे (१९५८). तिथलं जंगल कशाकशाने उभं केलंय, ते याच दोन खुणांनी तपासायचंय.