कुणाचा रं तू?

माहितीपट करणाऱ्याला एक खोड लागते. समोरच्याला गंभीर चेहऱ्यानं 'तुम्ही कुठले?' असं विचारायची. मी तर पुण्यात बसून त्या प्रश्नावर आख्खी फिल्म बेतली आणि त्यासाठी लातूर जिल्ह्यातला औसा तालुका निवडला, कारण तो माझाच. शूटिंगची तारीख मात्र पुण्याच्या हिशोबानं काढली आणि ती नेमकी येळवशीची निघाली. (लातूर-धाराशिवकडं वेळ अमावस्येला गावात कुत्रंही सापडत नाही, सगळा गाव शेतात असतो.) ट्रायपॉड खांद्यावर घेऊन बांधाबांधानं शेतातली कडब्याची कोप, म्हणजे झोपडी, गाठली.

कोपीत आज्जी. नव्वदीला टेकलेली. माइक लुगड्याला लावतोय, तोवर तिनंच विचारलं, "कुणाचा रं तू?" नाव सांगून भागलं नाही. आजोबा सांगितले, वाडा सांगितला, तेव्हा कुठं "मंग आसं बोल की" म्हणून ती नीट बसली.

तिची गोष्ट माझ्या वहीत आधीच तयार होती. जन्म निजामाच्या राज्यात, लहानपणी हातात हाली सिक्का, म्हणजे निजामाचं नाणं. १७ सप्टेंबर १९४८ ला निजामी गेली, हैदराबाद राज्य आलं, त्यात लग्न. १९५६ ला मराठवाडा मुंबई राज्यात गेला, तेव्हा थोरला झाला. १९६० ला महाराष्ट्र. १९८२ ला उस्मानाबादेतून लातूर जिल्हा निघाला, तोवर नातवंडं. बाई तालुक्याबाहेर राहिली नाही आणि पत्ता चारदा बदलला! मी मनातल्या मनात शेवटचा शॉटसुद्धा लावून ठेवला होता.

"आज्जी, एवढी राज्यं बदलली, तुम्हाला काय वाटलं?"

"काय वाटायचं? सारा भरायचा त्यो भरलाच की."

"मग तुम्ही स्वतःला कुठलं समजता?"

"म्या हितली न्हाई," ती ठामपणे म्हणाली. "म्या भाद्याची."

भादा त्याच तालुक्यात. लग्नाला सत्तर वर्षं झाली, सासू-सासरे, नवरा याच मातीत गेले, आणि बाई अजून भाद्याची. मी सुनांकडं बघितलं. त्यांना यात नवल काहीच वाटलं नाही. एक निलंग्याकडची, दुसरी मुरूडची. पोरं आणि गडीमाणसं सोडली तर त्या कोपीत तिथलं कुणीच नव्हतं. वहीत निजामासाठी दोन पानं होती, माहेरासाठी एक ओळ नव्हती.

मग भज्जी आली, आंबील आलं, कॅमेरामन दुसऱ्या वाटीनंतर तिथंच आडवा झाला. रेकॉर्डर चालूच राहिला होता.

पंधरा दिवसांनी पुण्यात एडिटिंगला बसलो. सुरुवातीला माझा आवाज ऐकू येतो, 'आपण इथे कधीपासून राहता?' बातम्या देणाऱ्यासारखा. तासाभरानं, आंबील पोटात गेल्यावर, कुणीतरी हसत विचारतंय, "काय करूलालाव आज्जी? बसा की निवांत."

एडिटरनं हेडफोन काढला. "हा दुसरा कोण बोलतोय?"

मीच आहे म्हटलं. त्यानं ते वाक्य ठेवलं, आणि खाली मराठीत सबटायटल टाकलं.