खाडीकडचा कर्णा

शाळेच्या महोत्सवाच्या स्मरणिकेसाठी लिहायचं तर शाळेबद्दल लिहावं, हे कळतं. पण मी लिहायला बसलो की आमचे पी.टी.चे सरच पुढे येतात. बाकीच्या गुरुजनांनी क्षमा करावी.

सरांना समालोचनाचं वेड. रेडिओवरचे बाळ ज. पंडित त्यांना आवडत, पण खरी भक्ती डॉ. नरोत्तम पुरींवर. दूरदर्शनवर खेळ दिसू लागले त्या काळातला हा माणूस: दिल्लीचे कान-नाक-घशाचे डॉक्टर, आणि वडील देवराज पुरी हेही क्रिकेटपटू नि समालोचक. पोरगा खेळाच्या नादाने फुकट जातोय म्हणून रडत येणाऱ्या पालकांना सर या डॉक्टरांचं उदाहरण द्यायचे. १९८२च्या एशियाडच्या वर्षी दूरदर्शन रंगीत झालं, तरी १९८३ची क्रिकेट विश्वचषकाची फायनल आमच्या वाडीने ट्रान्झिस्टरवरच ऐकली. आपल्या १८३ धावा, आणि वेस्ट इंडीज १४०मध्ये गारद! पुढे सरांकडे टीव्ही आला. अँटेना माडाला बांधलेली. वारा सुटला की पडद्यावर नुसत्या मुंग्या, पण आवाज यायचा. "डॉक्टर बघ, आरडत नाय," सर म्हणायचे.

नववी विरुद्ध दहावी कबड्डीच्या वेळी त्यांनी माईक माझ्या हातात दिला. मी सुटलोच! चढाईपटू उजवीकडे वळला, डावीकडे वळला, पाय टाकला, मागे आला... सर मागून आले नि माईकवर हात ठेवून म्हणाले, "मेल्या, तेंका दिसता! जां दिसणा नाय, तां सांग." मग त्यांनी कर्ण्यांकडे बोट दाखवलं. दोन होते. एक मैदानाकडे, दुसरा खाडीकडे तोंड करून. पलीकडच्या तीरावर होड्या ओढणाऱ्यांना यातलं काहीच दिसत नव्हतं. इकडचं ऐकणं टीव्हीचं, तिकडचं रेडिओचं, आणि माईक एकच. थोडा वेळ माझी वाचाच बसली. मग दर चढाईनंतर गुण आणि खेळाडूचं नाव सांगायचं, आणि पकड होत असताना गप्प राहायचं, असं जमवलं. लोण पडला तेव्हा ओरड आधी मैदानातून आली आणि माझं वाक्य संपल्यावर पलीकडून. सर हसत होते. ते हसणं दुर्मीळ, हे जुन्या मुलांना सांगायला नको.

आज देवगडपासून वेंगुर्ल्यापर्यंत टेनिस बॉलच्या स्पर्धांना मला बोलावतात. यूट्यूबवर थेट प्रक्षेपण असतं, मुंबईचे चाकरमानी लोकलमधून बघतात. पण आयोजकांना क्षणभर शांतता चालत नाही. चौकार गेला की फटक्याऐवजी बक्षीस देणाऱ्याचं नाव घ्यायचं, षटकार गेला की त्याच्या भावाचं. पुरींना असं करायला लावलं असतं तर ते सरळ दवाखान्यात परत गेले असते, असं मला वाटतं.

महोत्सवाच्या कबड्डीला माईक माझ्याकडे आहे. देणगीदारांची यादी समितीने मध्यंतरात वाचावी. चढाई चालू असताना माझ्या हातात चिठ्ठी दिलीत तर मी ती वाचणार नाही.