तुम्ही विचारलंत म्हणून: फुकट मिळतो, तर तिकीट कशाला?

"तमिळ सिनेमाच्या पायरेटेड कॉपीची टेलिग्राम लिंक पाठवली तर तुम्ही उघडतसुद्धा नाही. तुमच्या दोनशे रुपयांनी रजनीकांतला काय फरक पडणार?" असं मला बरेच जण विचारतात.

रजनीकांतला फारसा पडत नाहीच. मोठ्या नटाच्या सिनेमाचे ओटीटी, सॅटेलाइट (म्हणजे टीव्ही) आणि गाण्यांचे हक्क बहुतेकदा आधीच विकलेले असतात, आणि पहिल्या तीन-चार दिवसांची गर्दी ठरलेली असते. त्यातही मिनिमम गॅरंटीवर, म्हणजे सिनेमा चालो न चालो ठरलेली रक्कम देऊन, मदुराई किंवा कोइम्बतूरचे हक्क घेतलेला वितरक पोळतोच. पण खरा मार बसतो तो छोट्या सिनेमाला. 1 मे 2025 ला 'टूरिस्ट फॅमिली' हा छोटा सिनेमा तमिळ स्टार सूर्याच्या 'रेट्रो'समोर लागला. दिग्दर्शक नवखा, खर्च बेताचा. बघून आलेल्यांनी चारचौघांत सांगितलं, म्हणून तो चालला. अशा सिनेमाची सगळी मदार दुसऱ्या आठवड्यावर. आणि पायरेटेड कॉपी येते शुक्रवारी रात्रीच. चांगला आहे हे कानावर पडेपर्यंत तो मोबाइलमध्ये येऊन पडलेला असतो.

कॉपी निघते कशी? जुलै 2024 मध्ये तिरुवनंतपुरमच्या एका थिएटरात 'रायन' हा तमिळ सिनेमा चालू असताना एकाला पोलिसांनी पकडलं. खुर्चीच्या कपहोल्डरमध्ये मोबाइल ठेवून तो अख्खा सिनेमा टिपत होता. इतकं साधं आहे ते. डिजिटल प्रिंटमध्ये डोळ्यांना न दिसणारी खूण असते, तिच्यावरून थिएटर आणि वेळ कळते. पण ती कळते सिनेमा फुटल्यावर. कोर्टानेही करून पाहिलं. नोव्हेंबर 2018 मध्ये रजनीकांतच्या '2.0'साठी मद्रास उच्च न्यायालयाने बारा हजारांहून जास्त वेबसाइट बंद करायला सांगितल्या, तरी पायरेटेड कॉपी पहिल्याच दिवशी बाहेर आली. एक पत्ता बंद केला की त्याच नावाने दुसरा उघडतो. सिनेमॅटोग्राफ कायद्याच्या 2023 च्या दुरुस्तीत तीन वर्षांपर्यंत कैद आहे, किमान तीन लाखांचा दंड आहे. धाक बसायला हवा तेवढा अजून बसलेला नाही.

"पण आमच्या गावात तमिळ सिनेमा लागतच नाही" हे गाऱ्हाणं मात्र मला पटतं. मुंबई-पुण्याबाहेर शो मिळणं मुश्किल. तरीही चारेक आठवडे थांबलं की बरेचसे सिनेमे सबटायटलसकट ओटीटीवर येतात. आणि मुंबई-पुण्यात असाल, तर छोटा सिनेमा पहिल्या शनिवार-रविवारीच गाठा. तेव्हा खुर्च्या रिकाम्या राहिल्या, तर सोमवारी थिएटरवाला शो काढून टाकतो.