तुम्ही विचारलंत म्हणून: बीअर किती दिवस टिकते?

पेडण्यात माझा लहानसा बार आहे. बाटली हातात घेऊन तारीख शोधणारं गिऱ्हाईक रोज भेटतं. "दादा, घरी नेऊन ठेवली तर किती दिवस चालेल?" आपल्याकडच्या बहुतेक बाटल्यांवर उत्तर छापलेलंच असतं: भरल्यापासून 6 महिने. पण ते महिने बाटलीने कुठे काढले, हे लेबलवर नसतं. मी आधी तेच विचारतो.

बीअरच्या धंद्यात 3-30-300 असा एक ठोकताळा आहे. 32 अंशांत 3 दिवसांत चव जेवढी उतरते, तेवढी उतरायला 22 अंशांत 30 दिवस लागतात आणि 3 अंशांत 300. आता आपला मे महिना आठवा, आणि पत्र्याखाली रचलेले क्रेट. बाटलीत राहिलेला थोडासा प्राणवायू अशा उकाड्यात भराभर काम करतो. आधी हॉप्सचा, म्हणजे बीअरला कडवटपणा आणि सुगंध देणाऱ्या फुलांचा, वास उडतो, मग भिजलेल्या पुठ्ठ्यासारखी चव येते. ती पिऊन कोणी आजारी पडत नाही, पण बीअर प्यायल्याचं समाधान काही मिळत नाही.

उन्हाचा फटका मी स्वतः खाल्लाय. बार नवा होता तेव्हा शोभा म्हणून खिडकीत हिरव्या बाटल्यांची रांग लावली. सकाळचं ऊन थेट त्यांच्यावर. आठवड्याने रोजच्या एका आजोबांनी त्यातल्या बाटलीचा पहिला घोट घेतला आणि काही न बोलता ग्लास माझ्याकडे सरकवला. हुंगून पाहिलं, तर जळक्या रबरासारखा वास. बाटली भरून जेमतेम 2 महिने झाले होते. आजोबांचे पैसे परत केले आणि अख्खी रांग मोरीत ओतली. फार वाईट वाटलं. हॉप्समधली कडू द्रव्यं उजेडाने फुटतात आणि गंधकाचा तो वास सुटतो. कडक उन्हात काही मिनिटंही पुरतात. तपकिरी काच बराच उजेड अडवते, हिरवी थोडाच, पांढरी जवळजवळ नाहीच. कॅनला ही भीती नाही.

थंड बाटली बाहेर काढून पुन्हा थंड केली की बिघडते, असं पुष्कळ जण सांगतात. तसं नाही. पावसाळ्यात दोन-चार तास वीज गेली म्हणून फ्रीजमधली बीअर टाकू नका. ती किती वेळ आणि किती उकाड्यात राहिली, तेवढंच बघा.

बाटली उभी ठेवा. आडवी केली की बीअरचा जास्त भाग आतल्या हवेला लागतो. लवकर गार व्हावी म्हणून फ्रीझरमध्ये टाकली असेल तर विसरू नका, गोठली की काच फुटते. आणि नळावरून भरून आणलेली ताजी बीअर असेल, तर दिवस मोजत बसू नका. घट्ट बंद करून फ्रीजमध्ये ठेवा, दोन-तीन दिवसांत संपवा, आणि एकदा उघडलीत तर त्याच रात्री.