'इक्विव्होकल' रिपोर्ट निकाली काढताना: माझा अनुभव

रिपोर्टवर 'पॉझिटिव्ह' किंवा 'निगेटिव्ह'च्या जागी 'इक्विव्होकल' छापलेलं असलं की पेशंट बहुतेक वेळा एकच प्रश्न विचारतो: "म्हणजे थोडं आहे का?" प्रयोगशाळेत असे रिपोर्ट तपासून सही करताना मी सगळ्यात आधी हाच समज दूर करते. इक्विव्होकल म्हणजे थोडा आजार नव्हे, सौम्य आजारही नव्हे. या चाचणीला, या नमुन्यावर, आज हो की नाही ते सांगता आलं नाही, एवढाच त्याचा अर्थ.

शब्द लॅटिन आहे. एक्वस म्हणजे समान आणि वोक्स म्हणजे आवाज. दोन्ही बाजूंनी सारखाच आवाज येतोय, कुणाचं खरं मानायचं कळत नाही, अशी ती अवस्था. मराठीत मी 'संदिग्ध' लिहिते. 'संशयास्पद' मुद्दाम टाळते, कारण वाचणारा लगेच 'आजाराचा संशय' असं वाचतो आणि घरात घबराट होते. 'अनिर्णित'ही चालतो, पण तो मी दुसऱ्या एका प्रकारासाठी राखून ठेवते. त्याबद्दल पुढे येतंच.

हा मधला पट्टा येतो कुठून ते समजलं की पुढची वाट सोपी होते. एलायझासारख्या, म्हणजे रक्तातली अँटिबॉडी रंगातून दाखवणाऱ्या चाचणीत यंत्र 'आहे' किंवा 'नाही' सांगत नाही, रंगाची तीव्रता मोजतं. समजा कटऑफ, म्हणजे पॉझिटिव्ह-निगेटिव्ह वेगळं करणारी रेषा, ०.२५० आहे आणि नमुन्याचं वाचन ०.२६२ आलं. भागाकार केला की इंडेक्स मिळतो, साधारण १.०५. बऱ्याच किटमध्ये ०.९ च्या खाली निगेटिव्ह, १.१ च्या वर पॉझिटिव्ह आणि मधलं इक्विव्होकल असतं. तोच नमुना उद्या पुन्हा लावला तर आकडा तंतोतंत तोच येत नाही. पिपेटिंग, तापमान, धुण्याच्या फेऱ्या यांमुळे दहा टक्क्यांचा फरक सहज पडतो. म्हणजे आजचा १.०५ उद्या ०.९५ किंवा १.१५ होऊ शकतो. ज्या नमुन्यातलं प्रमाण बरोबर कटऑफवर आहे, तो शंभर वेळा लावला तर साधारण निम्म्या वेळा पॉझिटिव्ह आणि निम्म्या वेळा निगेटिव्ह येईल. अशा जागी ठाम शब्द छापणं म्हणजे नाणं उडवून निकाल देणं. मधला पट्टा त्यासाठीच मोकळा ठेवलेला असतो.

म्हणून शब्दाच्या आधी मी आकडा बघते. इंडेक्स ०.९१ आहे की १.०९? दोन्हींवर एकच शब्द छापला जातो, पण दोघांची जागा वेगळी. रिपोर्टवर आकडा आणि पट्टा छापलेला नसेल तर तो मागून घ्यावा. प्रयोगशाळेकडे तो असतोच. हिपॅटायटिस बीच्या लसीनंतरची अँटिबॉडी हे याचं सोपं उदाहरण. दर मिलिलिटरला १० मिलि आंतरराष्ट्रीय युनिट किंवा जास्त असेल तर संरक्षण आहे असं धरतात, आणि काही यंत्रं ८ ते १२ मधल्या वाचनाला संदिग्ध म्हणतात. ११ आलेल्याला 'संरक्षण नाही' सांगणं चूक आणि 'आहे' म्हणून निश्चिंत करणंही चूक.

आकड्यानंतरचा प्रश्न सगळ्यात महत्त्वाचा, आणि घोळ सर्वाधिक इथेच होतो: ही अनिश्चितता नेमकी कोणत्या जातीची आहे? इक्विव्होकल, इंडिटरमिनेट, इनकन्क्लुझिव्ह, इनव्हॅलिड हे शब्द बोलताना एकमेकांच्या जागी वापरले जातात, पण कागदावर प्रत्येकाचं काम वेगळं असतं. चाचणी नीट झाली, पण वाचन कटऑफजवळ पडलं, तर ते इक्विव्होकल किंवा बॉर्डरलाइन. चाचणीच नीट झाली नाही, कंट्रोल (उत्तर आधीच माहीत असलेला नमुना) फेल गेला, तर इनव्हॅलिड. पीसीआरमध्ये, म्हणजे विषाणूची जनुकं वाढवून शोधणाऱ्या चाचणीत, नमुन्याबरोबर एक अंतर्गत कंट्रोल असतो. तोच वर आला नाही तर विषाणू नाही असं म्हणता येत नाही, कारण रिअ‍ॅक्शनच अडकलेली असते. त्यावर 'निगेटिव्ह' लिहिणं ही गंभीर चूक आहे. दोन जनुकं शोधायची होती आणि एकच सापडलं, तर ते बऱ्याच किटमध्ये इनकन्क्लुझिव्ह.

क्षयरोगाच्या सुप्त संसर्गासाठीची क्वांटिफेरॉन चाचणी या बाबतीत सगळ्यात जास्त गोंधळात टाकते. रक्तातल्या पेशी किती प्रतिसाद देतात ते ती मोजते. नव्या प्रकारात चार नळ्या असतात: निल (काहीच न घातलेली), टीबी १ आणि टीबी २ (टीबीच्या जंतूचे अंश घातलेल्या) आणि मायटोजेन (पेशींना मुद्दाम चेतवणारी). टीबीच्या नळीतून निल वजा करून ०.३५ किंवा जास्त आलं, आणि ते निलच्या २५ टक्क्यांहून कमी नसेल, तर पॉझिटिव्ह. 'इंडिटरमिनेट'चा, ज्याच्यासाठी मी 'अनिर्णित' राखून ठेवते, या ०.३५ च्या रेषेशी काही संबंध नाही. तो दोन कारणांनी येतो. एक, निलच ८.० च्या वर गेलं, म्हणजे रक्त आधीच इतकं चेतवलेलं आहे की फरक दिसणार नाही. दोन, टीबीच्या नळ्या शांत आहेत आणि मायटोजेन वजा निल ०.५ च्या खाली आहे, म्हणजे पेशींना मुद्दाम चिमटा काढला तरी त्या बोलल्या नाहीत. असं प्रतिकारशक्ती दबलेली असताना होतं, आणि नळ्या नीट हाताळल्या नाहीत तरी होतं. पेशंटला दोष देण्याआधी मी नळ्यांची चौकशी करते. प्रत्येकीत १ मिलिलिटर रक्त होतं का? नळीची आतली भिंत रक्ताने पूर्ण माखेल अशी दहा वेळा हलवली होती का? १६ तासांच्या आत ३७ अंशांच्या इन्क्युबेटरमध्ये गेली का, आणि तिथे १६ ते २४ तास राहिली का? त्याआधी फ्रिजमध्ये तर ठेवली नव्हती? यांतलं काही चुकलं असेल तर औषध नको, वेगळी चाचणीही नको, नवं रक्त हवं. याउलट ०.३३ किंवा ०.३८ अशी वाचनं खऱ्या अर्थाने संदिग्ध असतात आणि त्यांच्यावर सरळ 'निगेटिव्ह' किंवा 'पॉझिटिव्ह' छापून येतं. टी-स्पॉट या तिच्या भावंड चाचणीत मात्र ५, ६ किंवा ७ ठिपक्यांना (एक ठिपका म्हणजे प्रतिसाद देणारी एक पेशी) बॉर्डरलाइन म्हणण्याची सोय आहे.

जनुकीय रिपोर्टातला 'अनिश्चित महत्त्वाचा बदल' ही आणखी वेगळी जात. तिथे मोजणी पक्की असते. बदल आहे हे नक्की, त्याचा अर्थ काय ते ठाऊक नाही. तोच नमुना पुन्हा लावून काहीही मिळणार नाही. वर्ष-दोन वर्षांनी प्रयोगशाळेला वर्गीकरण बदललं का ते विचारायचं, आणि तोवर त्या बदलाच्या आधारावर कोणतीही शस्त्रक्रिया ठरवायची नाही. जंतूंच्या कल्चर रिपोर्टात औषधापुढे येणारं 'आय' हे अक्षर तर संदिग्धही नाही. २०१९ पासून युकास्टच्या (अशा चाचण्यांचे नियम ठरवणारी युरोपीय समिती) नियमांत त्याचा अर्थ 'औषध जास्त प्रमाणात पोहोचवलं तर चालेल' असा केलेला आहे.

जात ठरली की नमुन्याकडे वळायचं. साध्या नळीतलं रक्त पूर्ण गोठू न देता, म्हणजे साधारण अर्धा तास न थांबता यंत्रात फिरवलं तर सिरममध्ये (रक्त गोठल्यावर उरणाऱ्या द्रवात) फायब्रिनचे, म्हणजे गाठ बनवणाऱ्या प्रथिनाचे तंतू राहतात आणि वाचन खोटं चढतं. रक्त पातळ करण्याची औषधं चालू असतील तर गोठायला आणखी वेळ लागतो. लाल झालेलं, फुटलेल्या रक्तपेशींचं सिरम एलायझात त्रास देतं, कारण हिमोग्लोबिन स्वतःच पेरॉक्सिडेजसारखं वागून रंग आणतं. प्लेटवर एकेका खाचेत एकेक नमुना असतो; शेजारच्या खाचेत जोरदार पॉझिटिव्ह नमुना होता का, तेही बघते. धुणं कमी पडलं असेल तर कडेच्या खाचा फसवतात. आणि एक प्रश्न पेशंटला आवर्जून विचारते: केस-नखांसाठी बायोटिन घेताय का? दिवसाची गरज साधारण ३० मायक्रोग्रॅमची, आणि गोळी ५ किंवा १० मिलिग्रॅमची असते. बायोटिन-स्ट्रेप्टअव्हिडिनवर चालणाऱ्या चाचण्यांत ते काही आकडे खाली ओढतं, काही वर ढकलतं. किमान दोन दिवस गोळी बंद ठेवून मग नवं रक्त घ्यावं.

नमुना ठीक असेल तर त्याच नमुन्यावर चाचणी पुन्हा लावायची, दोन खाचांत. तीनपैकी दोन वाचनं ज्या बाजूला, तो निकाल. नियम रन (चाचणीची एक फेरी) लावण्याआधी ठरलेला हवा, वाचनं बघून नाही. मनासारखा आकडा येईपर्यंत रिपीट लावत राहणं हा मी पाहिलेला सगळ्यात घातक प्रकार, कारण कटऑफजवळच्या नमुन्यात तो आकडा कधी ना कधी येतोच. दोन्ही वाचनं पट्ट्यातच पडली, समजा १.०२ आणि ०.९७, तर तिसऱ्या रिपीटमध्ये वेळ घालवू नये. आता वेगळं तत्त्व वापरणारी चाचणी हवी किंवा वेळ हवा.

वेगळी चाचणी किती बारकाईने निवडावी लागते ते स्तनाच्या कर्करोगातल्या हर-टू (गाठीच्या पेशींवरचं एक प्रथिन आणि त्याचं जनुक) तपासणीत दिसतं. तिथे 'इक्विव्होकल' हा शब्द नेमका बांधलेला आहे: आयएचसी (पेशींवरचं प्रथिन रंगवून बघणारी चाचणी) स्कोअर २+, म्हणजे १० टक्क्यांहून जास्त गाठ-पेशींच्या आवरणावर पूर्ण वळसा घालणारा, पण फिका ते मध्यम रंग. ३+ पॉझिटिव्ह, ० आणि १+ निगेटिव्ह. २+ ला फिश, म्हणजे जनुकाच्या प्रती मोजणारी चाचणी लावतात. हर-टू आणि गुणसूत्र १७ यांचं गुणोत्तर २.० किंवा जास्त आणि पेशीमागे हर-टूच्या सरासरी ४.० किंवा जास्त प्रती, तर पॉझिटिव्ह. दोन्ही खाली, तर निगेटिव्ह. पूर्वी, २०१३ च्या अमेरिकन मार्गदर्शक तत्त्वांत, फिशमध्येही इक्विव्होकलचा कप्पा होता, आणि पेशंट एका संदिग्धातून दुसऱ्या संदिग्धात जाऊन अडकत असत. २०१८ मध्ये तो काढून टाकला. आता फिशची वाचनं विचित्र पडली, म्हणजे दोन निकष एकमेकांशी जुळले नाहीत, आणि आयएचसी २+ असेल, तर आधीचा निकाल माहीत नसलेला दुसरा निरीक्षक किमान २० पेशी पुन्हा मोजतो. हा बदल मला फार मोलाचा वाटतो. आणि २+ असून फिश निगेटिव्ह आलेल्यांना आज 'हर-टू लो' म्हणतात. शरीरात पसरलेल्या आजारात त्यांच्यासाठी आता वेगळं औषध आहे, तेव्हा तो २+ कागदावर राहू द्यावा, 'निगेटिव्ह' लिहून पुसू नये.

इथेही कच्चा माल बिघडला तर सगळं व्यर्थ. गाठ काढल्यापासून एका तासाच्या आत १० टक्के न्यूट्रल बफर्ड फॉर्मालिनमध्ये गेली पाहिजे आणि ६ ते ७२ तास राहिली पाहिजे. या वेळा रिपोर्टात नोंदलेल्या असतात. नसतील तर विचाराव्यात. हाडातला तुकडा आम्लाने मऊ केला असेल तर निगेटिव्ह निकालावरही माझा पूर्ण विश्वास बसत नाही.

वेळ हे दुसरं साधन, ते संसर्गात उपयोगी पडतं. नुकताच झालेला संसर्ग असेल तर अँटिबॉडी दोन-तीन आठवड्यांत स्पष्ट चढते, आणि चाचणीचा आडवा प्रतिसाद (दुसऱ्याच कशाला तरी दिलेला) असेल तर ती तिथेच रेंगाळते किंवा उतरते. म्हणून जुनं सिरम गोठवून ठेवायचं आणि नवं आलं की दोन्ही एकाच रनमध्ये शेजारी शेजारी लावायचे. वेगवेगळ्या किटवरचे आकडे एकमेकांशी ताडून पाहण्यात अर्थ नसतो. एचआयव्हीचा निकाल इनकन्क्लुझिव्ह आला तर जागतिक आरोग्य संघटना १४ दिवसांनी पुन्हा तपासायला सांगते. गरोदरपणात टोक्सोप्लाझ्मा या परजीवीचं आयजीएम (आधी येणारी अँटिबॉडी) संदिग्ध आणि आयजीजी (नंतर येऊन टिकणारी) पॉझिटिव्ह असेल तर अ‍ॅव्हिडिटी, म्हणजे अँटिबॉडी किती घट्ट चिकटते याची चाचणी, मागवावी. पहिल्या तिमाहीत ती उच्च निघाली तर संसर्ग गर्भधारणेच्या आधीचा. आयजीएम कित्येक महिने, कधी वर्षंही टिकतं. नुसत्या त्याच्यावरून निर्णय घेतला तर नको तो अनर्थ होतो.

तपासणीच्या खोलीतही हे शब्द येतात. तळपाय खरवडल्यावर अंगठा ना वर गेला ना खाली, तर डॉक्टर 'प्लांटर इक्विव्होकल' लिहितात. हृदयाच्या तपासणीत ट्रेडमिलवर ४५ वर्षांच्या माणसाला २२० वजा वय, म्हणजे १७५ च्या ८५ टक्के, साधारण १४९ ठोके गाठायचे असतात. १३० वर दम लागून थांबला आणि ईसीजीत बदल दिसला नाही, तर चाचणी अपुरी. तिला निगेटिव्ह म्हणू नये.

सही करण्याआधी मी खाली शेरा लिहिते, कारण नुसता शब्द वाचून पुढचा डॉक्टर काहीच ठरवू शकत नाही. साधारण असा: "इंडेक्स १.०५, संदिग्ध पट्टा ०.९ ते १.१. त्याच नमुन्यावर पुनर्चाचणी १.०२ आणि ०.९७. नमुना जपून ठेवला आहे. १४ ते २१ दिवसांनी नवा नमुना पाठवावा, दोन्ही एकत्र तपासले जातील." लक्षणं आणि संपर्काची माहिती आली असेल तर तीही जोडते. अंगावर पुरळ असलेल्या, घरात रुग्ण असलेल्या माणसाचा १.०५ आणि सहज केलेल्या तपासणीतला १.०५ यांचा पुढचा अर्थ एक नसतो. पहिल्याला वाट बघत असताना वेगळं राहायला सांगावं लागतं, दुसऱ्याला बहुधा नाही.

दुसरा नमुनाही त्याच पट्ट्यात, जवळपास त्याच आकड्यावर आला, तर नुकत्याच झालेल्या संसर्गाची शक्यता खूप कमी होते. तसं रिपोर्टात शब्दांत लिहायचं, वेगळ्या तत्त्वाची एक चाचणी झालेली नसेल तर ती सुचवायची, आणि तीही काही दाखवत नसेल तर रिपीट थांबवायचं.